इमेजमॅजिक सोर्सपासून बांधताना: कॉन्फिगरच्या तक्त्यापासून देवनागरीच्या चाचणीपर्यंत

शेकडो फोटोंचा आकार एका फटक्यात बदलायचा, स्कॅन केलेल्या पानांच्या काळ्या कडा कापायच्या, एकाच प्रमाणपत्रावर दोनशे वेगवेगळी नावे छापायची, अशी कामे टर्मिनलमधून उरकणारे इमेजमॅजिक हे सॉफ्टवेअर जॉन क्रिस्टी यांनी १९८७ साली ड्युपाँ कंपनीत असताना लिहायला घेतले. १९९० मध्ये ते सर्वांसाठी खुले झाले. उबुंटूवर ते एका कमांडने बसते, तेव्हा सोर्सपासून (मूळ कोडपासून) बांधायची खटपट कशाला, असा प्रश्न पडणे साहजिक आहे. मराठीत काम करणाऱ्याला त्याचे ठोस उत्तर आहे. उबुंटू २२.०४ मधले तयार पॅकेज ६.९.११-६० या जुन्या मालिकेतले आहे आणि त्यात राक्म ही वेलांट्या आणि जोडाक्षरे जुळवणारी लायब्ररी जोडलेली नाही. राक्म नसेल तर चित्रावर ‘किल्ला’ लिहिताना पहिली वेलांटी क च्या आधी न येता नंतर पडते आणि ल्ला च्या जागी पाय मोडलेला ल् व त्यापुढे सुटा ला उमटतो. दोनशे प्रमाणपत्रे छापून झाल्यावर हे लक्षात येण्यापेक्षा एक संध्याकाळ कंपाइल करण्यात घालवलेली बरी.

पुढची सगळी पावले उबुंटू आणि डेबियनसाठी आहेत. विंडोजवर डब्ल्यूएसएल (विंडोजमध्ये लिनक्स चालवायची सोय) वापरत असाल तर हीच पावले चालतात, फक्त सोर्स लिनक्सच्या होम फोल्डरमध्ये ठेवा. सी ड्राइव्हवर ठेवलात तर हजारो छोट्या फायली वाचण्यातच वेळ जातो. कमांड येथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिल्या आहेत. टाइप करताना त्या रोमन लिपीतच लिहायच्या, आकडेही इंग्रजी, आणि वेगळे सांगितले नसेल तर सगळी अक्षरे लहान. जिथे दोन आडव्या रेघा दिसतात तिथे दोनच द्यायच्या.

आधी लागणारी पॅकेजेस

सुरुवात तीन हत्यारांनी करा:

सुडो एपीटी इन्स्टॉल बिल्ड-इसेन्शियल पीकेजी-कॉन्फिग गिट

पहिल्यात सी आणि सी++ चा कंपायलर व मेक येतात. दुसरे नवखे लोक हमखास विसरतात. कोणती लायब्ररी यंत्रावर कुठे आहे हे शोधायला इमेजमॅजिक पीकेजी-कॉन्फिगलाच विचारते. ते नसेल तर सगळ्या लायब्ररी बसवूनही बांधणीला त्या दिसत नाहीत.

आता लायब्ररी. उबुंटू-डेबियनमध्ये एकाच लायब्ररीची दोन पॅकेजेस असतात. एक तयार प्रोग्रॅम चालवण्यापुरते, दुसरे नवा प्रोग्रॅम बांधण्यासाठी, ज्यात हेडर फायली येतात. दुसऱ्याच्या नावाच्या शेवटी आडवी रेघ आणि ‘डेव्ह’ असते, स्पेलिंग डी-ई-व्ही. तुमच्या यंत्रावर जेपेग फोटो उघडतात म्हणजे जेपेगची लायब्ररी आहे, पण म्हणून कंपायलरचे काम भागत नाही. त्याला ‘डेव्ह’वालेच पॅकेज लागते. किमान हे बसवा: लिबजेपेग-डेव्ह, लिबपीएनजी-डेव्ह, लिबटिफ-डेव्ह, लिबवेबपी-डेव्ह, लिबफ्रीटाइप-डेव्ह, लिबफॉन्टकॉन्फिग१-डेव्ह, लिबएलसीएमएस२-डेव्ह, लिबएक्सएमएल२-डेव्ह. जेपेगच्या पॅकेजचे स्पेलिंग जे-पी-ई-जी आणि टिफचे टी-आय-एफ-एफ. आयफोनच्या एचईआयसी फोटोंसाठी लिबहाइफ-डेव्ह घ्या, त्यात ‘लिब’नंतर एच-ई-आय-एफ येते. देवनागरीसाठी दोन पॅकेजेस महत्त्वाची आहेत: लिबराक्म-डेव्ह, म्हणजे ‘लिब’नंतर आर-ए-क्यू-एम, आणि लिबपँगो१.०-डेव्ह. फॉन्टसाठी फॉन्ट्स-नोटो-कोअर आणि फॉन्ट्स-लोहित-देवा बसवून ठेवा. लोहितचे स्पेलिंग एल-ओ-एच-आय-टी.

एखाद्या नावात अडलात तर ‘एपीटी सर्च’ पुढे लायब्ररीचे नाव लिहा आणि यादीतले ‘डेव्ह’ने संपणारे उचला.

एक आडवाटही आहे, ‘सुडो एपीटी बिल्ड-डेप इमेजमॅजिक’. डेबियन आपले पॅकेज ज्या लायब्ररींवर बांधते त्या सगळ्या ही कमांड एकदम आणते. मात्र डेब-सोर्सच्या ओळी (सोर्स पॅकेजेस कुठून आणायची ते सांगणाऱ्या) चालू नसतील तर ती लगेच तक्रार करते. उबुंटू २४.०४ मध्ये त्या ओळी ‘सोर्सेस.लिस्ट.डी’ फोल्डरातल्या ‘उबुंटू.सोर्सेस’ फायलीत असतात. दुसरी गोष्ट म्हणजे डेबियनने जे वगळले ते ही आडवाटही वगळते. म्हणून राक्म वेगळे बसवाच.

सोर्स आणणे

इमेजमॅजिकचा सोर्स गिटहबवर इमेजमॅजिक याच नावाच्या खात्यात आहे. पूर्ण इतिहास उतरवायची गरज नाही, ‘गिट क्लोन’ला ‘--डेप्थ १’ जोडा. ‘--ब्रँच’ पुढे ७.१ मालिकेतला एखादा प्रसिद्ध झालेला आवृत्ती-टॅग द्या. मुख्य शाखेत रोज बदल होत असतात. नवशिक्याच्या बांधणीत एरर आली तर ती आपली की त्या दिवशीच्या बदलाची हे कळायला मार्ग राहत नाही.

ज्या फोल्डरमध्ये सोर्स ठेवाल त्याच्या नावात आणि त्याच्या वरच्या कोणत्याही फोल्डरच्या नावात रिकामी जागा नको. ‘माझे प्रोजेक्ट’ अशा फोल्डरमध्ये कॉन्फिगर, म्हणजे बांधणीची तयारी करणारी स्क्रिप्ट, ‘अनसेफ’ शब्द असलेली एरर देऊन थांबू शकते. यंत्राचे घड्याळ मागे असेल तरीही कॉन्फिगर अडते, कारण नुकतीच तयार झालेली फाइल सोर्समधल्या फायलींपेक्षा जुनी दिसते. ड्युअल बूट केलेल्या लॅपटॉपवर हे होते. घड्याळ लावा आणि पुन्हा चालवा.

कॉन्फिगर, आणि शेवटचा तक्ता

सोर्सच्या फोल्डरमध्ये जाऊन ही कमांड द्या:

./कॉन्फिगर --प्रीफिक्स=$होम/आयएम७

यातला ‘होम’ मात्र मोठ्या अक्षरांत. प्रीफिक्स म्हणजे तयार माल कुठे ठेवायचा ते ठिकाण. तो दिला नाही तर सगळे ‘/यूएसआर/लोकल’ मध्ये जाते. तिथे ‘कन्व्हर्ट’ नावाची नवी कमांड बसते आणि पाथमध्ये (कमांड शोधायच्या फोल्डरांच्या यादीत) ती उबुंटूच्या जुन्या ‘कन्व्हर्ट’च्या आधी येते. जुन्या मालिकेच्या भरवशावर लिहिलेल्या स्क्रिप्ट मग नकळत नव्या मालिकेवर चालू लागतात. होममध्ये बसवले तर दोन्ही सुखाने नांदतात, सुडो लागत नाही आणि नको झाले तर एक फोल्डर पुसला की काम संपले.

कॉन्फिगर पडद्यावर भराभर शेकडो ओळी टाकते. त्या सोडून द्या. शेवटी येणारा तक्ता मात्र ओळ न् ओळ वाचायचा आहे, कारण सोर्सपासून बांधताना होणारे बहुतेक घोळ इथेच दिसतात आणि इथेच दुर्लक्षित होतात. तक्त्याच्या प्रत्येक ओळीत तीन गोष्टी असतात: डावीकडे लायब्ररीचे नाव, मध्ये काय मागितले ते, उजवीकडे प्रत्यक्षात काय मिळाले ते. राक्मच्या ओळीत मध्ये ‘येस’ आणि उजवीकडे ‘नो’ असेल तर अर्थ असा, की तुम्ही मागितले पण ते सापडले नाही. कॉन्फिगर त्यासाठी थांबत नाही, लाल अक्षरात काही सांगत नाही, एररही देत नाही. पुढे मेक नीट चालते, इन्स्टॉल नीट होते आणि महिन्याभराने ‘नो डिकोड डेलिगेट फॉर धिस इमेज फॉरमॅट’, म्हणजे हा फॉरमॅट वाचणारी सोय जोडलेली नाही, ही ओळ समोर येते. त्या ओळीचे मूळ जवळजवळ नेहमी या तक्त्यातल्या एखाद्या ‘नो’मध्ये असते.

उजवीकडचे सगळेच ‘नो’ वाईट नसतात. डेजाव्ह्यू, फ्लिफ, ग्राफव्हिझ तुम्हाला लागत नसतील तर ते नसलेलेच बरे, बांधणी हलकी राहते. जेपेग, पीएनजी, टिफ, वेबपी, फ्रीटाइप, फॉन्टकॉन्फिग, राक्म, पँगो या ओळींत मात्र उजवीकडे ‘येस’ हवेच.

एखादी लायब्ररी बसवूनही ‘नो’ येत असेल तर त्याच फोल्डरमधली ‘कॉन्फिग.लॉग’ ही फाइल उघडून लायब्ररीचे नाव शोधा. कोणती चाचणी का फसली ते तिथे कंपायलरच्या मूळ शब्दांत लिहिलेले असते. बहुधा ‘डेव्ह’ पॅकेज राहिलेले निघते. आणि हे पक्के लक्षात ठेवा: राहिलेले पॅकेज बसवल्यावर नुसते मेक पुन्हा चालवून काही होत नाही. कोणत्या लायब्ररी आहेत याची नोंद कॉन्फिगरने आधीच करून ठेवलेली असते, मेक तीच जुनी नोंद वापरते. ‘मेक डिस्टक्लीन’ करून कॉन्फिगर त्याच ऑप्शनसह पुन्हा चालवा.

याच तक्त्यात क्वांटम डेप्थ १६ आणि एचडीआरआय चालू असे दिसेल. सातव्या मालिकेत हेच मूळचे मूल्य आहे. यात प्रत्येक रंगाची किंमत ४ बाइटच्या दशांश संख्येत ठेवली जाते. म्हणजे २४ मेगापिक्सेलचा, तीन रंगांचा एक फोटो मेमरीत सुमारे २८८ एमबी जागा घेतो. क्वांटम डेप्थ ८ करून एचडीआरआय बंद केले तर तोच फोटो ७२ एमबीत मावतो. ४ जीबी रॅमच्या यंत्रावर फक्त वेबसाठी फोटो लहान करायचे असतील तर ‘--विथ-क्वांटम-डेप्थ=८ --डिसेबल-एचडीआरआय’ हा पर्याय चांगला आहे. छपाईसाठी, स्कॅनसाठी किंवा रंग अनेकदा बदलायचे असतील तर मूळचे मूल्यच ठेवा. ८ बिटमध्ये प्रत्येक पायरीला किंमत गोल होते आणि आकाशासारख्या सपाट भागात पट्टे उमटतात.

आणखी एक ऑप्शन सर्व्हरवर बसवणाऱ्यांसाठी आहे. २०१६ मध्ये इमेजट्रॅजिक या नावाने गाजलेल्या त्रुटीत चित्र म्हणून पाठवलेल्या फायलीतून सर्व्हरवर हव्या त्या कमांड चालवता येत होत्या. तेव्हापासून पॉलिसी फाइलकडे, म्हणजे इमेजमॅजिकला काय करू द्यायचे ते ठरवणाऱ्या फायलीकडे, सगळे गांभीर्याने पाहू लागले. उबुंटूच्या पॅकेजमधली पॉलिसी मेमरीवर मर्यादा घालते आणि पीडीएफ अडवते. सोर्सपासून बांधलेल्या प्रतीत मूळची पॉलिसी मोकळी असते. घरच्या यंत्रावर ती सोयीची आहे, पण लोकांनी अपलोड केलेली चित्रे हाताळणाऱ्या सर्व्हरवर मोकळी पॉलिसी ठेवू नका. तिथे ‘--विथ-सिक्युरिटी-पॉलिसी=सिक्युअर’ द्या.

‘--विथ-मॉड्यूल्स’ दिलेत आणि ‘लिबएलटीडीएल इज रिक्वायर्ड’ अशी एरर आली तर लिबएलटीडीएल-डेव्ह बसवा. नवख्याला मॉड्यूल्सची गरज नाही.

मेक

‘मेक -जे४’ द्या. चार म्हणजे एका वेळी चार फायली कंपाइल होतील. यंत्रात जितके कोअर तितका आकडा, रॅम कमी असेल तर २. वॉर्निंगच्या ओळी आल्या तर घाबरू नका, एररची ओळ आली तरच थांबा. एकाच वेळी चार कामे चालू असल्याने खरी एरर शेवटच्या ओळीत नसते, ती वर कुठेतरी दडते. अशा वेळी ‘-जे’ न देता साधे ‘मेक व्ही=१’ चालवा, व्ही मोठा. मग थांबते तिथेच एरर दिसते आणि कंपायलरला नेमकी कोणती कमांड गेली तीही दिसते.

मेक चेक

इन्स्टॉल करण्याआधी ‘मेक चेक’ चालवा. सोर्ससोबतच चाचण्यांचा संच येतो. त्यात ‘व्हॅलिडेट’ नावाचा प्रोग्रॅम वेगवेगळ्या फॉरमॅटमध्ये चित्र लिहितो, परत वाचतो आणि दोन्ही ताडून पाहतो. शेवटी गोषवारा येतो: टोटल, पास, स्किप, एक्सफेल, फेल, एक्सपास, एरर. स्किप म्हणजे लागणारी गोष्ट नसल्याने चाचणी सोडली, एक्सफेल म्हणजे ती फसणार हे आधीच माहीत होते. हे दोन्ही चालतात. फेल किंवा एरर शून्य नसेल तर ‘टेस्ट-सूट.लॉग’ उघडा.

‘व्हॅलिडेट-इम्पोर्ट’ ही चाचणी नावावरून वाटते तसे पडद्याचे चित्र घेत नाही, ती मेमरीतल्या पिक्सेलची आयात-निर्यात तपासते. म्हणून एसएसएचवरून जोडलेल्या, पडदाच नसलेल्या सर्व्हरवरही ती पास व्हायला हवी. फॉरमॅटच्या चाचण्या फसल्या तर कोणता फॉरमॅट ते लॉगमध्ये पाहून कॉन्फिगरच्या तक्त्याशी ताडा. एकच चाचणी पुन्हा चालवायची तर ‘मेक चेक टेस्ट्स=’ पुढे त्या फायलीचा मार्ग द्या, उदाहरणार्थ ‘टेस्ट्स/व्हॅलिडेट-कन्व्हर्ट.टॅप’. बरोबरच्या चिन्हाआधीचा ‘टेस्ट्स’ मोठ्या अक्षरांत, मार्गातला लहान.

हे समाधानकारक झाले की ‘मेक इन्स्टॉल’. प्रीफिक्स न देता बांधले असेल तर सुडो लागेल आणि नंतर ‘सुडो एलडीकॉन्फिग /यूएसआर/लोकल/लिब’ चालवावे लागेल. ते राहिले तर पहिल्याच वापरात ‘लिबमॅजिककोअर’ ही फाइल सापडत नसल्याची एरर येते. फाइल जागेवर असते, पण लोडरच्या यादीत तिची नोंद झालेली नसते.

हाताने तपासणे

‘$होम/आयएम७/बिन/मॅजिक -व्हर्जन’ चालवा. पहिल्या ओळीत ७.१ आणि क्यू१६-एचडीआरआय दिसायला हवे. शेवटाकडे डेलिगेट्सची (जोडलेल्या बाहेरच्या लायब्ररींची) ओळ असते, तिच्यात राक्म आणि पँगोकैरो हे शब्द शोधा. पूर्ण मार्ग न देता नुसते ‘मॅजिक’ लिहिलेत तर पाथमध्ये आधी सापडेल ते चालेल. शंका असेल तेव्हा ‘टाइप -ए मॅजिक’ विचारा.

इमेजमॅजिकच्या पोटात काही चित्रे आधीपासून आहेत, त्यामुळे चाचणीसाठी फोटो शोधायला नको. ‘मॅजिक रोज: इन्फो:’ दिले की ७० × ४६ आकाराच्या गुलाबाची माहिती छापली जाते. आता ‘लोगो:’ हे ६४० × ४८० चे चित्र पीएनजी म्हणून लिहा, ती फाइल वाचून दुसरी पीएनजी लिहा आणि दोन्ही ताडून पाहा:

मॅजिक कंपेअर -मेट्रिक एई एक.पीएनजी दोन.पीएनजी नल:

‘एई’ मोठ्या अक्षरांत. उत्तर शून्य यायला हवे, कारण पीएनजीत काही गमावले जात नाही. मध्ये जेपेग आणलेत तर शून्य येणार नाही, आणि ते योग्यच आहे. फायली ताडायला एमडी५सम वापरू नका. इमेजमॅजिक पीएनजीत तारीख-वेळही लिहिते, त्यामुळे चित्र तंतोतंत तेच असूनही एमडी५समचे उत्तर वेगळे येते. स्क्रिप्टमध्ये तपासायचे असेल तर कंपेअरचा एक्झिट कोड पुरतो: ० म्हणजे सारखे, १ म्हणजे वेगळे, २ म्हणजे काहीतरी एरर.

देवनागरीची चाचणी

‘एफसी-लिस्ट :लँग=एमआर’ चालवा. मराठीची सगळी अक्षरे असलेले फॉन्ट त्यांच्या फायलींच्या मार्गासह दिसतील. त्यातला एक मार्ग उचला आणि हे चालवा:

मॅजिक -फॉन्ट फॉन्टचा-मार्ग -पॉइंटसाइज ७२ लेबल:'किल्ल्यातील विद्यार्थी' चाचणी.पीएनजी

हे दोन शब्द मुद्दाम निवडले आहेत. पहिल्यात पहिली वेलांटी आणि ल्ल्या, दुसऱ्यात द्या आणि र्थी वरचा रफार. चित्र मोठे करून पाहा. वेलांटी क च्या आधी, ल्ल्या अखंड, रफार थी च्या डोक्यावर, द आणि य एकात गुंफलेले असे सगळे असेल तर राक्म काम करते आहे. ‘मराठी’ किंवा ‘भारत’ लिहून तपासू नका. त्यांत ना जोडाक्षर ना पहिली वेलांटी, म्हणून राक्म नसले तरी ते बरोबरच दिसतात आणि दोष लपतो.

अक्षरांऐवजी चौकोन आले तर दोष बांधणीचा नाही. दिलेल्या फॉन्टमध्ये देवनागरी नाही किंवा मार्ग चुकल्याने दुसराच फॉन्ट घेतला गेला. अक्षरे ओळखू येतात पण मोडकी आहेत, तर फॉन्ट बरोबर आहे आणि राक्म नाही. हा फरक ओळखता आला की निम्मा शोध वाचतो.

मराठी वळणाच्या ल आणि श चा प्रश्न याहून बारीक आहे. काही फॉन्ट मूळचे हिंदी वळण दाखवतात आणि भाषा मराठी आहे असे कळल्यावरच मराठी वळण देतात. अशा वेळी ‘लेबल:’ ऐवजी ‘पँगो:’ वापरा आणि त्याआधी ‘-डिफाइन पँगो:लँग्वेज=एमआर’ लिहा. फॉन्टमध्ये ती सोय नसेल तर ऑप्शन देऊनही काही बदलणार नाही, तेव्हा फॉन्ट बदला.

जाहिरातीसाठी ‘२०% सूट’ असे लिहिणाऱ्यांनी टक्क्याचे चिन्ह दोनदा द्यावे. लेबलमध्ये एकटे % म्हणजे पुढच्या अक्षरासह काहीतरी विशेष माहिती भरायची खूण समजली जाते.

बिघाड कळवायचा असेल तर

एखाद्या फायलीवर इमेजमॅजिक कोसळत असेल तर वेगळ्या फोल्डरमध्ये तपासणीची बांधणी करा. कॉन्फिगरला ‘--डिसेबल-शेअर्ड’ आणि ‘सीफ्लॅग्ज’ मध्ये ‘-जी -ओ१ -एफसॅनिटाइझ=ॲड्रेस’ द्या. सीफ्लॅग्ज आणि ओ मोठ्या अक्षरांत. ही बांधणी हळू चालते आणि मेमरी जास्त खाते, पण मेमरीतली चूक ज्या ओळीत झाली तिचा क्रमांक सांगते. कळवताना चार गोष्टी द्या: ‘-व्हर्जन’चे पूर्ण उत्तर, ऑपरेटिंग सिस्टीम, जशीच्या तशी कमांड, आणि जिच्यामुळे बिघाड होतो ती लहानात लहान फाइल. बिघाड कोणत्या बदलाने आला ते ‘गिट बायसेक्ट’ने शोधायचे असेल तर ‘--डेप्थ १’ने आणलेला सोर्स पुरणार नाही, त्यात इतिहासच नसतो. आधी ‘गिट फेच --अनशॅलो’ चालवा. टॅग देऊन क्लोन केल्यामुळे मुख्य शाखा आणि बाकीचे टॅग तरीही आलेले नसतात, म्हणून चांगली चालणारी जुनी आवृत्ती आणि बिघडलेली नवी आवृत्ती यांचे टॅग ‘गिट फेच ओरिजिन टॅग’ पुढे नाव लिहून एकेक करून आणा. मग बायसेक्ट सुरू करा, आणि प्रत्येक टप्प्यावर कॉन्फिगर पुन्हा त्याच ऑप्शनसह चालवा.